रहिवाशाचा खिळा

माणसानं हवी तेवढी मोठी वाक्यं लिहावीत, पण ती स्वतः करून दाखवायची वेळ येईल अशी लिहू नयेत. लेखकरावांना हे कळलं, पण तोवर भिंतीतून पाणी यायला लागलं होतं.

लेखकराव हे त्यांना बिल्डिंगनं दिलेलं नाव. पोट भरायला ते माहितीपट लिहायचे. दातांची निगा, पाण्याची बचत, कोंबड्यांचे आजार असे विषय. कोंबड्यांच्या माहितीपटाचा शेवट बघून एका पशुवैद्याचे डोळे भरून आले होते, असं ते स्वतःच सांगत. तो पशुवैद्य कोणी पाहिलेला नव्हता, पण असेलही, आपण कशाला शंका घ्या.

तर अशा माणसाच्या हाती आयुष्यात पहिल्यांदा एक मोठा विषय लागला. नागरिक म्हणजे कोण? माणूस एखाद्या देशाचा होतो तो जन्मानं, कागदानं, की नुसत्या राहण्यानं? लेखकरावांनी दाढी वाढवली. घरात बोलताना ते मध्येच थांबून खिडकीबाहेर बघायला लागले. साठ पानं लिहून त्यांनी निर्मात्यांकडे पाठवली आणि फोनची वाट बघत बसले.

निर्मात्यांचा फोन आला. "वाचलं. एक वाक्य फार आवडलं मला."

"कुठलं?"

"ते खिळ्याचं. 'घर तेच, जिथे खिळा ठोकायला कुणाची परवानगी लागत नाही. देश म्हणजे असंच एक मोठं घर.' वा! काय बोललात!"

"आणि बाकीचं?"

"बाकीचंही ठीक आहे. काढून टाका. हे बघा, फिल्मच्या शेवटी लेखक स्वतः, स्वतःच्या घरात, भिंतीत खिळा ठोकतोय आणि हे वाक्य म्हणतोय. बास. शनिवारी कॅमेरावाला पाठवतो. आणि हे जमत नसेल तर आत्ताच सांगा, मासेमारीवर फार सुंदर लिहिणारा एक जण माझ्याकडे येऊन बसलाय."

मासेमारीवाल्याचं नाव निघाल्यावर न जमण्याचा प्रश्नच नव्हता. "अहो, खिळाच तर आहे!" लेखकराव म्हणाले आणि फोन ठेवून हातोडी शोधायला उठले. घरात हातोडी कुठे असते हे आपल्याला माहीत नाही, हे त्यांच्या तेव्हा लक्षात आलं. मग दुसरीही गोष्ट लक्षात आली. या घरात चौदा वर्षं राहून त्यांनी एकही खिळा ठोकलेला नव्हता. जे खिळे होते ते सगळे सासऱ्यांच्या हातचे. सासरे जाऊन बरीच वर्षं झाली, पण त्यांचे खिळे अजून ताठ होते.

कारण घर सासूबाईंचं होतं. लेखकराव मात्र कुणाला सांगताना "सासूबाई आमच्याकडे असतात" असं सांगत. सांगून सांगून त्यांचा स्वतःचाही त्यावर विश्वास बसला होता.

त्याच दिवशी संध्याकाळी कॅमेरावाला भिंती बघायला आला. मोजकं बोलणारा, सगळ्याकडे एक डोळा मिटून बघणारा माणूस. सासूबाईंनी चहा आणला. लेखकरावांना सोनेरी काठाचा कप, खाली बशी. कॅमेरावाल्यालाही सोनेरी काठाचा कप, खाली बशी. स्वतः सासूबाई आणि लेखकरावांची बायको स्वयंपाकघरात कान तुटलेल्या कपांतून पीत होत्या.

"जावईबापू, साखर बरोबर आहे ना?" आतून आवाज आला.

"हो हो, उत्तम."

"पंखा वाढवू का?"

"नको नको, छान आहे."

कॅमेरावाल्यानं चहाचा घोट घेतला, दोन्ही कपांकडे पाहिलं आणि हळूच विचारलं, "सर, तुम्हीपण पाहुणे आलाय का?"

लेखकराव हसले. पण चौदा वर्षं ज्याला ते मान समजत होते, तो मान आहे की अंतर आहे, असा एक किडा त्या पोरगेल्या कॅमेरावाल्यानं त्यांच्या डोक्यात सोडून दिला. बाथरूममध्ये त्यांच्यासाठी वेगळा, घडी न मोडलेला टॉवेल असायचा. वर्तमानपत्र आधी त्यांच्या हातात यायचं. ते उठले की त्यांची ताटली कोणीतरी पळवायचं. चौदा वर्षांत सासूबाई त्यांना एका शब्दानं बोलल्या नव्हत्या. आपण इतके चांगले आहोत का? लेखकरावांनी प्रामाणिकपणे विचार केला. नव्हते.

मग शनिवारचा खिळा हा नुसता शॉट राहिला नाही. आपण या घरातले आहोत की चौदा वर्षं लांबलेले पाहुणे, याचा एकदाचा निकाल लावायचा होता, आणि तो न विचारता खिळा ठोकूनच लागणार होता. म्हणून दुसऱ्या दिवशी सकाळी लेखकराव सासूबाईंना विचारायला गेले.

"मी बाहेरच्या खोलीच्या भिंतीत एक खिळा ठोकीन म्हणतो."

"ठोका की! तुमचंच घर आहे," सासूबाई म्हणाल्या. आता, हे वाक्य ज्यांना म्हणतात ते लोक चहा पिऊन निघून जातात, हे तुम्हाआम्हाला ठाऊक आहे. "पण तुम्ही कशाला त्रास घेता? सुताराला बोलावते मी."

"नाही, मलाच ठोकायचाय."

"बरं. काय टांगायचंय?"

"टांगायचं काही नाही. खिळाच मुख्य आहे."

सासूबाईंनी त्यांच्याकडे नीट निरखून पाहिलं. मग आत गेल्या आणि लेकीला हळू आवाजात म्हणाल्या, "कामाचा ताण फार दिसतोय गं. रात्री झोप लागते ना त्यांना?"

बायको बँकेत नोकरीला होती. दिवसभर तऱ्हेतऱ्हेची माणसं हाताळायची तिला सवय होती. "तू? खिळा?" एवढंच म्हणून ती हसत सुटली. हसता हसता तिनं भिंतीला टेकून घेतलं. लेखकरावांनी तोंड पाडलं तेव्हा म्हणाली, "बरं बाबा, ठोक. पण आधी चेअरमनना विचार. ठोकाठोकीला परवानगी लागते आपल्याकडे."

म्हणजे ज्याला परवानगी लागत नाही अशा खिळ्यासाठी ही दुसरी परवानगी.

चेअरमन जिन्याखालच्या खोलीत बसत. वजनमापे खात्यातून निवृत्त झालेले. अजूनही कोणी समोर आलं की याचं माप बरोबर आहे का, अशा नजरेनं बघायचे.

"किती इंची?" त्यांनी विचारलं.

"साधा खिळा हो."

"साधा असं माप नसतं. दोन इंच धरतो. अर्ज द्या."

"एका खिळ्याला अर्ज?"

"एकाला नाही दिला तर उद्या लोक शंभर ठोकतील. आणि अर्ज तुमच्या सासूबाईंच्या सहीनं हवा."

"का? मी राहतो ना तिथे!"

"त्या सभासद. तुम्ही रहिवासी." चेअरमननी हे अगदी मायेनं सांगितलं. "रहिवाशाला मत नाही, अर्ज नाही, तक्रार नाही. गच्चीच्या चावीला हात नाही. बाकी तुम्ही मजेत राहा. कोणी तुम्हाला काही म्हटलंय का आजवर?"

"चौदा वर्षं राहतोय मी!"

"अहो, राहण्याचं काय! लिफ्टमधला पंखा वीस वर्षं राहतोय."

नागरिकत्वावर साठ पानं लिहिलेला माणूस लिफ्टमधून वर गेला आणि वाटेत त्यानं त्या पंख्याकडे मान वर करूनसुद्धा पाहिलं नाही. सही सासूबाईंनी लगेच केली. "तुम्ही म्हणाल तिथे," असंही म्हणाल्या. भांडल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

बातमी बिल्डिंगभर व्हायला अर्धा दिवसही लागला नाही. समोरच्या काकू येऊन सांगून गेल्या की हल्ली चिकटवायचे हूक मिळतात, शहाणी माणसं खिळे ठोकत नाहीत. वरच्या इंजिनीअरनं भिंतीवर कान ठेवून टकटक केलं आणि "इथे ठोका, पोकळ नाहीये" असं छातीठोकपणे सांगून एका जागी पेन्सिलीनं फुली मारली. ही फुली लक्षात ठेवण्यासारखी नव्हती, पण लेखकरावांनी ठेवली. कोणी म्हणालं खिळ्याला साबण लावा, कोणी म्हणालं तेल. आणि प्रत्येक जण जाताना दारात थांबून विचारायचा, "पण टांगायचंय काय?"

शुक्रवारी लेखकरावांच्या बरोबर खाली राहणाऱ्या चष्मेवाल्यांची मुलाखत होती. चष्मेवाले म्हणजे चष्म्याचं दुकान चालवणारे, वीसेक वर्षांपूर्वी दुसऱ्या देशातून आलेले गृहस्थ. गेल्याच वर्षी त्यांना इथलं नागरिकत्व मिळालं होतं. माहितीपटाला असा माणूस शेजारी मिळणं म्हणजे लॉटरीच. लेखकरावांनी त्यांना खुर्चीत बसवलं, तोंडावर उजेड पाडला आणि आवाज खाली आणून विचारलं, "नागरिकत्व मिळालं त्या क्षणी मनात काय आलं?"

"छत रंगवावं असं आलं."

"छत?"

"वीस वर्षं रंगवलं नव्हतं. म्हटलं, राहू देतील की नाही कोण जाणे, कशाला खर्च करा. घराचा ताबा होता, सगळं होतं, पण रंगाच्या दुकानात शिरायचा धीर व्हायचा नाही. कागद हातात आला, त्याच आठवड्यात रंग काढला. बघा की!" सगळ्यांनी माना वर केल्या. छत पांढरंशुभ्र होतं, नुसतं बघत राहावं असं. चष्मेवाल्यांनी स्वतः शिडीवर चढून रंगवलं होतं.

"सुंदर. आता जरा मातीबद्दल बोला. आपलेपणाबद्दल."

चष्मेवाले विचारात पडले. "लोक फार चांगले आहेत. कागद मिळाला तेव्हा चेअरमनसाहेब फुलं घेऊन आले. सगळे विचारतात, बरं चाललंय ना? कसला त्रास नाही ना? फक्त एकच. हे लोक समोरच्यांशी पार्किंगवरून भांडतात, वरच्यांशी पाण्यावरून भांडतात. एकमेकांच्या नावानं शंख करतात आणि दुसऱ्या दिवशी एकत्र चहा पितात. माझ्याशी कोणी भांडतच नाही हो. मी एकदा मुद्दाम गाडी आडवी लावून बघितली. तर चेअरमनसाहेबांनी स्वतः ढकलून सरळ केली आणि मलाच सॉरी म्हणाले."

लेखकरावांनी कॅमेरावाल्याला खूण केली. हे फार किरकोळ होतं. मोठ्या फिल्ममध्ये पार्किंग शोभत नाही. "आपण मातीचं परत एकदा घेऊ," ते म्हणाले.

शनिवार उजाडला. लेखकरावांनी खादीचा सदरा घातला. खिळ्याला साबणही लावला आणि तेलही लावलं, कुणाला दुखवायला नको म्हणून. सासूबाई खुर्ची ओढून समोर बसल्या, शेजारी बायको. काकू, इंजिनीअर आणि आणखी काही मंडळी दारात उभी. कॅमेरावाल्यानं डोळा मिटला.

"घर तेच," लेखकराव म्हणाले आणि हातोडी मारली. ती बोटावर बसली.

"सर, वाक्यात 'आई गं' नाहीये."

दुसऱ्या वेळी खिळा वाकला. तिसऱ्या वेळी तो साबणातेलामुळे निसटून कपाटाखाली गेला आणि इंजिनीअर पोटावर झोपून त्याला काढत बसले. चौथ्या वेळी सगळं जमलं, पण समोरच्या काकू मध्येच "जरा डावीकडे" म्हणाल्या. प्रत्येक वेळी सासूबाई गोड आवाजात म्हणत होत्या, "असू दे हो, दमलात तुम्ही, सरबत आणू?" आणि प्रत्येक वेळी लेखकरावांच्या डोक्यातला तो किडा वळवळत होता. पाचव्या वेळी त्यांनी फुलीवर खिळा ठेवला, दात-ओठ खाल्ले, चौदा वर्षांचा सगळा मानपान हातोडीत एकवटला आणि ठोकला.

"जिथे खिळा ठोकायला कुणाची परवानगी—"

भिंतीतून आधी हुस्स असा आवाज आला. मग खिळा आपणहून बाहेर आला आणि त्याच्या मागोमाग पाण्याची जाड धार, सरळ लेखकरावांच्या सदऱ्यावर.

इंजिनीअर म्हणाले, "म्हणूनच पोकळ लागत नव्हतं. पाइप भरलेला होता." एवढं शास्त्रीय स्पष्टीकरण देऊन ते घरी गेले.

कॅमेरावाला तयारीचा माणूस. त्यानं कॅमेरा बंद करून पिशवीत घातला, पिशवी कपाटावर ठेवली आणि भोकावर अंगठा दाबून उभा राहिला. तरी धार दोन्ही बाजूंनी उडतच होती. पाणी बंद करायचं तर कॉक गच्चीवर, आणि गच्चीची चावी चेअरमनकडे. लेखकराव तसेच निथळत खाली धावले.

"रहिवाशाला चावी देता येत नाही," चेअरमन म्हणाले. "सासूबाईंना पाठवा. किंवा दुसरा कोणी सभासद आणा."

लेखकराव तोंड उघडणार तेवढ्यात जिन्यावरून चष्मेवाले आले. त्यांच्या केसांवरून पांढरं पाणी ओघळत होतं. ते छताच्या रंगाचं होतं.

"माझं छत!" ते ओरडले. असा आवाज त्यांच्यापाशी आहे हे बिल्डिंगला माहीत नव्हतं. "वीस वर्षं थांबून रंगवलेलं छत! आणि तुम्ही इथे नियम सांगत बसलाय? द्या ती चावी! मी सभासद आहे! चेअरमन आहात की कुलूप आहात?"

चेअरमन उभेच राहिले. "आवाज खाली! मोठे आलेत सभासद! जिन्यात तुमच्या दुकानाची खोकी कोण ठेवतं? सहा महिने बघतोय, बोलत नाही म्हणून? आणि ती गाडी! गाडी लावायची अक्कल आहे का तुम्हाला?"

"माझ्या अकलेबद्दल बोलायचं काम नाही!"

"बोलणार! शंभर वेळा बोलणार!"

चष्मेवाल्यांच्या तोंडावर एक विलक्षण आनंद पसरत चालला होता आणि तो त्यांना आवरत नव्हता. "बोला तर!" ते बाह्या सरसावत म्हणाले, "आज होऊनच जाऊ दे!" भांडता भांडता दोघंही वर गच्चीकडे गेले. कॉक त्यांनी केव्हातरी बंद केला असावा, पण भांडण काही बंद झालं नाही. ते खालपर्यंत ऐकू येत होतं.

लेखकराव घरी आले. बाहेरच्या खोलीत घोटाभर पाणी साचलं होतं. त्यात वर्तमानपत्र आणि साठ पानांची संहिता तरंगत होती. मधोमध पदर खोचून सासूबाई उभ्या होत्या.

"असू दे हो," त्या नेहमीसारख्या म्हणायला गेल्या. "तुम्ही बसा, मी..." आणि त्यांचं लक्ष भिंतीकडे गेलं. तिथे कॅमेरावाल्याच्या अंगठ्याभोवती बशीएवढा खड्डा पडला होता, आणि त्यातून अजून एकेक थेंब गळत होता. सासूबाईंच्या आत काहीतरी तुटलं.

"काय हे!" त्या कडाडल्या. "काय हे करून ठेवलंय? भिंत आहे का काय आहे? टांगायचं काही नाही आणि म्हणे खिळाच मुख्य! चौदा वर्षं बघतेय मी! ओला टॉवेल पलंगावर. वर्तमानपत्राची पानं उलटसुलट करून माझ्याआधी वाचायचं. घोरणं असं की शेजारी उठून बसतात. त्या दाढीत साय अडकते, ती मी रोज बघते आणि बोलत नाही!"

"आई, अगं..." बायको मध्ये पडली.

"तू गप्प बस! मी माझ्या घरातल्या माणसाला बोलतेय, बाहेरच्याला नाही! आणि उभा काय राहिलास खांबासारखा? ते फडकं घे आणि पूस!"

लेखकरावांनी फडकं घेतलं. गुडघ्यांवर बसले, पाणी टिपून बादलीत पिळायला लागले. डोळ्यांत पाणी आलं होतं, पण अंगावर इतकं पाणी होतं की कुणाला कळण्याची भीती नव्हती. त्यांना विलक्षण बरं वाटत होतं. चौदा वर्षांत पहिल्यांदा त्यांनी मान वर करून सासूबाईंना उलट उत्तर दिलं.

"माझी एकट्याची चूक आहे का? तुमच्या भिंतीत पाइप भलत्याच जागी घातलाय, त्याला मी काय करू?"

"तुमच्या?" सासूबाई कमरेवर हात ठेवून म्हणाल्या. "चौदा वर्षं राहतोस, आणि भिंत अजून माझीच? लाज नाही वाटत बोलायला?"

वरून गच्चीवरचे दोघं अजून एकमेकांच्या अकलेबद्दल बोलताना ऐकू येत होते. लेखकरावांनी फडकं पिळलं. ते आधीच कोरडं झालं होतं, तरी पुन्हा पिळलं.

भिंतीपाशी कॅमेरावाल्यानं घसा खाकरला. त्याचा अंगठा अजून भोकावरच होता. "सर," तो म्हणाला, "हे फार चांगलं झालं. पण कॅमेरा बंद होता. परत एकदा घेता येईल का?"

लेखकरावांनी भीत भीत सासूबाईंकडे पाहिलं.

सासूबाईंनी पदर पुन्हा घट्ट खोचला आणि खुर्ची बाजूला सारली. "लाव कॅमेरा," त्या म्हणाल्या, "माझं अजून अर्धं बोलायचं राहिलंय."